मवाली, घाटी, भामटा: मैदानातल्या शिव्या येतात कुठून?

आजचा भाग शिव्यांवर आहे, पण घाबरू नका, घरच्यांसमोर ऐकता येईल असाच आहे. आईबहिणीवरून जाणाऱ्या शिव्या आज बाजूला ठेवू. आपण बोलणार आहोत त्या शब्दांबद्दल, जे शाळेच्या मैदानात इतके सहज उडतात की सरसुद्धा कान टवकारत नाहीत. मवाली, घाटी, भामट्या, बेरड. वणीच्या शाळेत जा किंवा नाशिकच्या, यातले दोनतीन तरी मधल्या सुट्टीत ऐकू येतीलच.

या सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे. हे शब्द मुळात कुठल्या ना कुठल्या माणसांचं नाव होते.

'मवाली' घ्या. हा शब्द अरबी आहे. सातव्या-आठव्या शतकात, म्हणजे 661 ते 750 या काळात, उमय्या खलिफांचं राज्य होतं. तेव्हा इराणी वगैरे जे लोक अरब नव्हते पण मुसलमान झाले, त्यांना एखाद्या अरब टोळीच्या आश्रयाने राहावं लागे. अशा आश्रितांना म्हणायचे मवाली. धर्म एक, पण मान दुय्यम, आणि बऱ्याच वेळा करही जास्तीचा. ही नाराजी पुढे उमय्यांची सत्ता उलथवायला कामी आली. आपल्यापर्यंत येता येता त्या शब्दातला इतिहास गळून पडला आणि उरला फक्त नाक्यावरचा गुंड.

आता घरच्या मैदानावर येऊ. 'घाटी'. घाटावरचा तो घाटी, सरळ भूगोल आहे. सह्याद्रीच्या पूर्वेला देश, पश्चिमेला कोकण आणि मुंबई. 1865 मध्ये थळ घाटातून, म्हणजे आपल्या कसाऱ्यातून, रेल्वे वर आली. त्याच्या दोन वर्षं आधी बोरघाटातली लाइन सुरू झाली होती. घाटावरची माणसं मुंबईच्या गिरण्यांत, गोदीत, हमालीला जाऊ लागली. मजूर घाटावरचा, म्हणून 'घाटी' म्हणजे अंगमेहनतीचा, अडाणी, गावठी माणूस. आता गंमत बघा. वणी घाटावर आहे. म्हणजे सप्तशृंगीच्या पायथ्याशी वाढलेला पोरगा मुंबईच्या कॉलेजात गेला की त्याला हा शब्द आयताच मिळतो. गोव्यातही घाटापलीकडून आलेल्यांना हाच शब्द चिकटतो.

इथपर्यंत आपण हसू शकतो. पुढचे शब्द मात्र जड आहेत.

'भामटा' आणि 'बेरड'. आपल्या तोंडी भामटा म्हणजे ठकवणारा आणि बेरड म्हणजे निर्लज्ज, निर्ढावलेला. पण महाराष्ट्र सरकारची विमुक्त जातींची यादी उघडा. त्यात 14 नावं आहेत, आणि बेरड, भामटा, राजपूत भामटा, कैकाडी, रामोशी, वडार ही त्यातलीच. जिवंत माणसांच्या जातींची नावं आहेत ही. शाळेच्या दाखल्यावर लिहिली जाणारी.

'विमुक्त' म्हणजे कशातून मुक्त? इंग्रजांनी 1871 मध्ये गुन्हेगार जमाती कायदा केला. आधी तो उत्तरेत होता, 1911 मध्ये सुधारून मुंबई इलाख्यातही लागू झाला. कायद्याचं लॉजिक अगदी साधं होतं: गुन्हा माणूस करत नाही, जमात करते. म्हणजे मूल जन्मलं की ते संशयित. पोलिसांकडे नावनोंदणी, हजेरी, गाव सोडायला परवानगी. सोलापूरला तर तारेच्या कुंपणाची सेटलमेंट होती आणि आतली माणसं गिरण्यांत राबायची. 31 ऑगस्ट 1952 ला हा कायदा देशभरातून गेला, म्हणून तो दिवस विमुक्त दिन. कायदा गेला, शब्द राहिला. तोही आपल्याच तोंडात.

मग यातल्याच काही लेखकांनी एक धाडस केलं. जो शब्द लोकांनी अंगावर फेकला, तोच त्यांनी पुस्तकाच्या मुखपृष्ठावर छापला. लक्ष्मण माने यांचं 'उपरा' 1980 चं, लक्ष्मण गायकवाड यांचं 'उचल्या' 1987 चं. दोन्हींना साहित्य अकादमी मिळालं. भीमराव गस्ती यांच्या आत्मकथनाचं नावच 'बेरड'. स्वतःच्या तोंडून घेतलेलं नाव आणि दुसऱ्याने मारलेली हाक यांत किती फरक असतो, ते या तीन शीर्षकांत कळतं.

कायद्याचं म्हणाल, तर ॲट्रॉसिटी कायदा 1989 चा आहे, पण तो अनुसूचित जाती आणि जमातींसाठी. विमुक्तांच्या यादीतले बहुतेक समाज महाराष्ट्रात त्या दोन्हींत येत नाहीत. म्हणजे वर्गात कुणी 'ए भामट्या' म्हणून हिणवलं, तर त्या पोराच्या बाजूने उभं राहायला तो कायदा येत नाही. यायचे ते सर, मॅडम आणि शेजारच्या बाकावरचा मित्र.

कुणी म्हणेल, शब्द बदलून टाकू. तेवढ्याने भागत नाही. 'मतिमंद' हा सरकारी कागदावरचा शब्द होता, त्याची शिवी झाली. मग 'गतिमंद' आला, तोही मैदानात पोचला. आणि आपल्या भागात तर दिंडोरी, कळवण, सुरगाण्याकडची कोकणा, महादेव कोळी, भिल्ल घरांतली पोरं वसतिगृहात राहून शिकतात. 'आदिवासी' हा हक्काचा, मानाचा शब्द. तरी काही पोरं तो चिडवायला वापरतातच. शब्द चांगला असून उपयोग नाही, त्यामागची नजर तीच असेल तर.

म्हणून मी एक सोपी टेस्ट सांगतो. शिवी तोंडात आली की विचारा: या नावाची माणसं आहेत का? 'बावळट', 'येडपट' म्हणालात तर भांडण तुमच्या दोघांत राहतं. 'भामटा', 'बेरड' म्हणालात तर तुम्ही तिसऱ्याच कुणाला तरी मारता, आणि तो कदाचित मागच्या बाकावर गप्प बसून ऐकत असतो.

तुमच्या गावात असे आणखी कुठले शब्द आहेत, ते कळवा. पुढच्या भागात त्यातले काही घेऊ. भेटूच.