अज्ञान सहदायादाचा हिस्सा आणि 'कायदेशीर गरज' : खानदेशाच्या संदर्भात एक ऐतिहासिक विचार

महाराष्ट्राच्या महसुली दप्तरात 'अ. पा. क.' आणि 'ए. कु. मॅ.' ही दोन संक्षिप्त रूपे वारंवार आढळतात. पहिल्याचा अर्थ अज्ञान पालनकर्ता, दुसऱ्याचा एकत्र कुटुंब मॅनेजर. वरवर पाहता दोन्ही नोंदींचा आशय एकच, तो म्हणजे कोणी वडीलधारे माणूस मुलाच्या वतीने जमीन सांभाळीत आहे. जमीन विकण्याची वेळ आली की मात्र या दोन नोंदींतील भेद निर्णायक ठरतो. तो भेद कसा घडला आणि तळोद्यासारख्या आदिवासीबहुल तालुक्यात त्याचे काय होते, याचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

मिताक्षरेनुसार पुत्राला वडिलोपार्जित मालमत्तेत जन्मतःच स्वत्व प्राप्त होते. त्यामुळे स्थावर विकावयाचे तर सर्व सहदायादांची संमती हवी. परंतु पाळण्यातील मुलाने संमती द्यावी कशी? विज्ञानेश्वरासमोर हाच प्रश्न होता. पुत्र-पौत्र अज्ञान असून संमती देण्यास असमर्थ असतील, तर आपत्काळी, कुटुंबपोषणासाठी किंवा आवश्यक धर्मकृत्यासाठी एकटा समर्थ पुरुषही स्थावर विकू शकतो, असे त्याने मान्य केले. म्हणजे कर्त्याचा हा अधिकार मुळात अज्ञानाच्या असमर्थतेतूनच जन्मला. ही गोष्ट कायद्याच्या पाठ्यपुस्तकांत सहसा ठळकपणे येत नाही. खानदेशात पुढे मिताक्षरेच्या जोडीला नीलकंठ भट्टाच्या 'व्यवहारमयूखा'लाही जवळपास तोच मान मिळाला. तथापि या मुद्द्यावर त्यामुळे फारसा फरक पडला नाही.

इंग्रजी अमदानीत या अपवादाला न्यायालयीन आकार आला तो १८५६ च्या हनुमानप्रसाद पांडे खटल्यात. मातेने अज्ञान पुत्राच्या इस्टेटीवर केलेले गहाण प्रिव्ही कौन्सिलसमोर आले होते. प्रसंगी इस्टेटीवर आलेला दबाव, टाळावयाचे संकट किंवा इस्टेटीचा लाभ या कसोट्यांवर व्यवहार तपासावा, असे कौन्सिलने सांगितले. सावकाराने गरजेविषयी प्रामाणिकपणे वाजवी चौकशी केली असेल, तर पुढे पैसा प्रत्यक्ष कोठे खर्च झाला हे पाहण्याची जबाबदारी त्याच्यावर राहत नाही, असेही ठरले. हा निर्णय पालनकर्त्याविषयीचा होता; पण तीच कसोटी पुढे कुटुंबकर्त्यालाही लावण्यात आली. 'घरखर्चाकरिता व देणे फेडण्याकरिता' हे खरेदीखतातील साचेबंद वाक्य याच विचारसरणीचे अपत्य होय. खतात गरज लिहिली म्हणजे ती सिद्ध झाली असे नव्हे, हे न्यायालयांनी वेळोवेळी स्पष्ट केले. व्यवहारात मात्र त्या वाक्याने बराच काळ ढालीचे काम केले.

मुंबई इलाख्याची परिस्थिती आणखी वेगळी होती. सहदायादाने आपला अविभक्त हिस्सा मोबदला घेऊन विकणे बंगाल व उत्तर हिंदुस्थानात मान्य नव्हते; मुंबई उच्च न्यायालयाने ते १८७३ मध्ये वासुदेव भट प्रकरणात मान्य केले. सज्ञान भावाचा हिस्सा असा बाजारात आला, पण अज्ञानाच्या हिश्शाबाबत खरेदीदाराच्या मनातील धास्ती कायम राहिली. त्यावर मणिलाल हरगोवन प्रकरणात (१९०१) तोडगा निघाला. अज्ञानाच्या अविभक्त हिश्शासाठी पालक नेमून विक्रीस मंजुरी देण्याचा अंगभूत अधिकार उच्च न्यायालयाला आहे, असे त्यात धरले गेले. सोय खरी, पण ती मुंबईच्या न्यायालयात जाऊ शकणाऱ्याची. तापीपलीकडच्या शेतकऱ्याला ती कितपत परवडणार?

१९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियमाने नैसर्गिक पालकावर प्रथमच कडक बंधन घातले. कलम ८ नुसार अज्ञानाचे स्थावर विकण्यापूर्वी न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. ती नसल्यास अज्ञानाच्या मागणीवरून विक्री रद्द होऊ शकते. मात्र कलम ६ ने अविभक्त हिस्सा यातून वगळला. कलम १२ नेही सज्ञान सदस्य व्यवस्था पाहत असताना अशा हिश्शासाठी पालक नेमण्यास साधारणतः मज्जाव केला आणि उच्च न्यायालयाचा जुना अधिकार तेवढा शाबूत ठेवला. कर्त्याने केलेल्या विक्रीस कलम ८ लागू होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये नारायण बाल प्रकरणात निःसंदिग्धपणे सांगितले.

परिणामी 'अ. पा. क.' विक्रीपूर्वी अडतो, 'ए. कु. मॅ.' अडत नाही. त्याच्या व्यवहाराची झडती होते ती नंतर, मुलाने दावा लावल्यास. वडिलांनी केलेल्या विक्रीविरुद्ध खरेदीदाराने ताबा घेतल्यापासून १२ वर्षांची मुदत आहे. अज्ञानत्वामुळे ती वाढली तरी सज्ञान झाल्यावर तीन वर्षांपलीकडे जात नाही. एकविसाव्या वर्षी जुने खत शोधून, वकील गाठून, गरज नव्हती असे म्हणणाऱ्या तरुणाची कल्पना कायद्याने केली आहे. असे तरुण किती असतील, याबद्दल प्रस्तुत लेखकास शंका आहे. महाराष्ट्रात २२ जून १९९४ पासून अविवाहित मुली व २००५ पासून देशभर सर्व मुली सहदायाद झाल्याने ही शंका आता त्यांनाही लागू पडते.

तळोद्यातील भिल्ल, पावरा इत्यादी समाजांना मात्र १९५६ चा हा अधिनियम लागूच नाही. अनुसूचित जमातींना त्याच्या कलम ३ ने वगळले आहे. येथे जमीन वाचविण्याचे काम हिंदू कायद्याने नव्हे, महसुली कायद्याने केले, आणि तेही चळवळीच्या रेट्याखाली. अंबरसिंग महाराजांचे कार्य आणि १९७२ मध्ये उभी राहिलेली श्रमिक संघटना यांनी शहादा-तळोदा परिसरात गेलेल्या जमिनींचा प्रश्न ऐरणीवर आणला. जमीन महसूल संहितेच्या कलम ३६-अ ने ६ जुलै १९७४ पासून आदिवासीची जमीन बिगर आदिवासीस देण्यापूर्वी शासकीय मंजुरी सक्तीची केली. पाठोपाठ आलेल्या कायद्याने १ एप्रिल १९५७ पासूनचे हस्तांतर तपासून जमिनी परत देण्याची तरतूद केली.

हिंदू कायद्याने एकत्र कुटुंबातील मुलाला जी पूर्वतपासणी नाकारली, ती येथे संपूर्ण समाजाला मिळाली. परंतु तपासणी करणारा अधिकारी खरेदीदार कोण आहे हे प्रथम पाहतो. जमिनीत कोणा अज्ञानाचा वाटा आहे काय, हा त्या कलमाचा विषय नव्हे. एका आदिवासी कुटुंबाने दुसऱ्यास जमीन विकली, तर कलम ३६-अ ची मंजुरी लागत नाही. अशा व्यवहारात मुलाचा वाटा समाजाच्या रूढीवर आणि १८९० च्या पालक व पाल्य अधिनियमावर सोपविलेला आहे. आणि त्या अधिनियमातील पूर्वपरवानगीची अट न्यायालयाने नेमलेल्या पालकापुरतीच आहे.