ग्राफ्टन गावाचा जमाखर्च

मागे लेकीकडे अमेरिकेत गेले होते तेव्हा जावयांनी युटा राज्यातलं झायन राष्ट्रीय उद्यान दाखवलं. तिथून जवळच रॉकव्हिलचा पूल ओलांडून कच्च्या रस्त्यानं आम्ही ग्राफ्टनला गेलो. कच्च्या विटांची एक शाळा, मोजकी जुनी घरं आणि दफनभूमी. गावात राहणारं कुणी नाही. आल्यावर या गावाची माहिती काढून वाचली, ती तुम्हाला सांगते.

१८५९ च्या डिसेंबरात मॉर्मन पंथाची पाच कुटुंबं व्हर्जिन नदीकाठी इथे उतरली. कापडासाठी बाहेरच्यांवर अवलंबून राहायचं नाही, हा धर्मप्रमुख ब्रिगहॅम यंग यांचा आग्रह होता. म्हणून या उष्ण भागात कापूस लावायचा होता. जमीन मात्र रिकामी नव्हती. त्यांच्या कितीतरी आधीपासून पायूट लोक याच नदीच्या पाण्यावर मका पिकवत होते.

१८६२ च्या जानेवारीत मोठा पूर आला आणि वस्ती वाहून गेली. त्याच वेळी टेनींच्या पत्नीला कळा सुरू झाल्या. पुरुषांनी तिला गाडीच्या साट्यासकट उचलून उंचावर नेलं. मुलाचं नाव ठेवलं 'मार्व्हलस फ्लड', म्हणजे अद्भुत पूर! लोकांनी नदीच्या वरच्या अंगाला मैलभरावर पुन्हा गाव वसवलं.

१८६६ मध्ये मूळ रहिवाशांशी संघर्ष पेटल्यावर सगळे रॉकव्हिलला गेले, आणि १८६८ मध्ये परत आले. त्याच १८६६ मध्ये झोपाळा तुटून दोन मुली दगावल्या. त्यांच्या थडग्यापाशी माझा पाय निघेना. त्याच दफनभूमीत काही पायूट माणसंही विसावली आहेत.

एवढं सोसून १८८६ मध्ये या लोकांनी शाळा बांधली. मग गाव ओस का पडलं? मी कॉमर्सची, म्हणून मला यात जमाखर्च दिसतो. पुराचा तोटा एकदाच झाला, त्यातून ते सावरले. पण नदी गाळ आणायची, पाट तुंबायचे, आणि ते उपसायचं काम कधी संपायचंच नाही. १९०४ मध्ये हरिकेनच्या माळावर कालव्याचं पाणी पोहोचलं. दोन वर्षांनी तिथे नवं गाव वसू लागलं, आणि ग्राफ्टनची बरीच कुटुंबं तिकडे गेली. १९४४ च्या सुमारास शेवटचे रहिवासीही निघाले.

आमच्या सासऱ्यांनी गावचं दुकान बंद केलं, तेव्हा सासूबाई वर्षभर म्हणायच्या, "आपण पळून आलो." रोज थोडी थोडी येणारी तूट त्यांना कुणी दाखवलीच नव्हती. आज त्या असत्या, तर ग्राफ्टनची ही गोष्ट मी आधी त्यांना सांगितली असती.