रमाबाईंनी पाहिलेली अमेरिका



अमेरिका म्हटलं की आपण म्हणतो, तिथे ज्याचं त्याचं! पंडिता रमाबाईंना मात्र आणखीही काही दिसलं. १८८६ मध्ये आनंदीबाई जोशींच्या डॉक्टरकीच्या पदवीदानासाठी त्या फिलाडेल्फियाला गेल्या आणि जवळजवळ तीन वर्षं त्या देशात राहिल्या. परतल्यावर तिथल्या लोकस्थितीवर त्यांनी मराठीत पुस्तक लिहिलं. तिथल्या बायका शिकतात, कमावतात, हे त्यात आहेच. पण मंडळ्या काढून दारूबंदीसारखी कामं एकजुटीने करतात, हेही त्यांनी कौतुकाने लिहिलं.

१८८७ मध्ये बोस्टनला त्यांच्या मदतीसाठी रमाबाई असोसिएशन निघाली. सभासदांनी दहा वर्षं दरसाल वर्गणी द्यायचं कबूल केलं. त्या बळावर ११ मार्च १८८९ ला मुंबईत विधवांसाठी शारदा सदन सुरू झालं.

वाशीतून एखादी मुलगी पुण्याला नोकरीला निघाली की लगेच ऐकू येतं, "आता ही समाजापासून तुटणार." रमाबाई तर विधवा, सातासमुद्रापार गेलेल्या, त्या परतल्या त्या दुसऱ्या विधवांसाठी घर उभारायला. म्हणून मुलीला जाऊ द्या, आणि आपली वर्गणीही चालू ठेवा.