चहा आत्ताच झाला



आज थोडे इतिहासाबद्दल लिहायचे आहे, पण त्याआधी एक कबुली. फादरांपुढे ती केव्हाच देऊन झाली आहे, इथे लिहायची राहिली होती.

काही वर्षांपूर्वी पहिल्या कम्युनियनच्या तयारीसाठी मी मुलांच्या घरी भेटी देत होते. निपाणीच्या बाजूच्या एका खेड्यात, गावाच्या ज्या भागाला लोक अजून जुन्या नावानेच ओळखतात तिथे, माझ्या वर्गातल्या एका मुलीचे घर होते. तिच्या आजींनी खाटेवर धुतलेली चादर अंथरली. "बसा बाई, च्या ठेवते," म्हणत त्या चुलीकडे वळल्या. त्या पुरत्या वळायच्या आत मी म्हणाले, "नको आजी, चहा आत्ताच झाला."

झाला नव्हता. दोन बस बदलून आले होते, घशाला कोरड पडली होती. आजी "बरं बाई" म्हणाल्या आणि परत येऊन बसल्या. त्यांनी दुसऱ्यांदा विचारले नाही. आपल्याकडे चहाला निदान दोन-तीनदा तरी आग्रह होतो. जो एकदाच विचारून गप्प बसतो, त्याला ते उत्तर पाठ झालेले असते.

मी जातपात मानत नाही, असे मी मनापासून म्हणत आले आहे. वर्गात मुलांना सांगते की आपण सगळे एका पित्याची लेकरे. आमच्या घरात ख्रिस्ती श्रद्धा येऊन चार पिढ्या झाल्या. तरी ते खोटे मी ठरवून बोलले नाही, यातच खरी भीती आहे. वाक्य तोंडात तयारच होते. लहानपणी आईच्या मागे उभी राहून मी ते ऐकले होते. ठरावीक घरांत आई तेच बोलायची, आणि कोणती घरे ते कुणी मला कधी सांगितले नाही, पण मला कळत होते. आपल्या या सीमाभागात कन्नड बोलणारी घरेही "चा आगेदरी" म्हणून तेच काम भागवतात. बी.ए.ला असताना 'संस्कृती व्यक्तिमत्त्व घडवते' यावर मी चार पाने लिहून चांगले मार्क मिळवले होते. त्या चार पानांत हा चहा कुठेच नव्हता.

आता बेळगावच्याच एका माणसाकडे वळू. बाबा पदमनजी हे नाव बहुतेकांना ठाऊक असते ते १८५७ साली आलेल्या 'यमुनापर्यटन' या कादंबरीमुळे. मराठीतली पहिली कादंबरी म्हणून तिचे नाव घेतात, आणि तिचा विषय विधवांचे हाल हा आहे. बाबांचा जन्म १८३१ मध्ये बेळगावात, एका कासार कुटुंबात झाला. लंडन मिशनरी सोसायटीचे काम इथे १८२० पासून सुरू होते, त्या मिशनच्या शाळेत ते शिकले. पुढे मुंबईला गेले आणि १८५४ मध्ये परत बेळगावात येऊन त्यांनी बाप्तिस्मा घेतला. ते प्रॉटेस्टंट होते आणि आपण कॅथॉलिक, पण मराठीत प्रार्थना करणाऱ्या कुणालाही त्यांना परके म्हणता येणार नाही.

बाप्तिस्म्याआधी मुंबईत ते परमहंस सभेचे सभासद होते. ही सभा १८४९ च्या सुमारास निघाली. दादोबा पांडुरंग तर्खडकर, ज्यांचे व्याकरण पुढे पिढ्यान्पिढ्या शाळेत शिकवले गेले, ते तिच्या पुढाऱ्यांपैकी एक. सभेत शिकलेले, वाचणारे, इंग्रजी जाणणारे तरुण. देव एक आहे आणि जातिभेद खोटा आहे, ही त्यांची ठाम मते. पण मत सांगून सभासद होता येत नसे. नव्या माणसाला ख्रिस्ती माणसाच्या भट्टीतला पावाचा तुकडा खावा लागे आणि परजातीच्या हातचे पाणी प्यावे लागे. तेव्हा तो खरा सभासद.

बेळगावच्या बेकरीपुढे संध्याकाळी गरम पावासाठी रांग लावणाऱ्या आपल्याला हे हसण्यासारखे वाटेल. त्या काळी पाव खाल्ला म्हणजे माणूस बाटला. आणि बाटला म्हणजे काय, तर न्हावी दारात येईना, परीट कपडे नेईना, विहिरीवर घागर लावता येईना, मुलीला स्थळ येईना, आणि शेवटी तिरडीला चार खांदे मिळेनात. जात नुसती डोक्यात असती तर वाद घालून निघाली असती. ती पाण्यात, लग्नात आणि मयतीत होती. म्हणून ही सगळी बुद्धिमान मंडळी तो तुकडा बंद दाराआड खात, आणि बाहेर पडून आपापल्या घरी जाऊन सोवळ्यात जेवत. १८६० च्या सुमारास सभासदांची यादी चोरीला गेली. नावे बाहेर पडणार या धसक्याने सभाच मोडली.

मला या लोकांना भित्रे म्हणवत नाही. त्यांचे विचार दहा वर्षांत बदलले होते, हात मात्र जुनेच राहिले. बाबा पदमनजींनी दार उघडून उजेडात पाऊल टाकले, हे त्यांचे मोठेपण. त्याची किंमत त्या काळच्या बहुतेक नवख्रिस्ती माणसांना आप्त, वाडा आणि पंगत सोडून द्यावी लागली. मग मिशनच्या आवाराच्या आधाराने त्यांची वेगळी वस्ती झाली, वेगळ्या सोयरिकी झाल्या. गावाने त्यांना आणखी एक जात म्हणून मोजून टाकले. आणि खरे सांगायचे तर, पुष्कळ ठिकाणी आपणही ते मान्य करून टाकले.

हेच बायबलमध्ये संत पेत्राच्या बाबतीत घडलेले दिसते. योप्पा गावी दुपारी भुकेच्या वेळी तो घराच्या गच्चीवर प्रार्थना करत होता. आकाशातून चादरीसारखे काही उतरले, त्यात सगळ्या जातींचे प्राणी होते. खा, अशी वाणी झाली. पेत्र नाही म्हणाला, कारण निषिद्ध ते कधी तोंडात घातले नव्हते. हे तीन वेळा झाले. साक्षात देवाचा आग्रह, तोही तीनदा, आणि तरी पहिले उत्तर नकाराचेच आले! त्यानंतर तो कर्नेल्य नावाच्या रोमन शताधिपतीच्या घरात गेला आणि त्याचे डोळे उघडले.

पण गोष्ट तिथे संपत नाही. पुढचा भाग प्रेषितांच्या कृत्यांत नाही, गलतीकरांस लिहिलेल्या पत्राच्या दुसऱ्या अध्यायात आहे आणि आपण तो कमी वाचतो. अंत्युखियात पेत्र परराष्ट्रीय भावांबरोबर जेवत असे. यरुशलेमहून याकोबाकडची काही माणसे आली, तशी त्याने हळूच पंगत सोडली. त्याचे पाहून इतरांनी सोडली. बर्णबासारखा भला माणूसही उठला. पौलाने सगळ्यांसमक्ष पेत्राला धारेवर धरले. दर्शन झालेला, कर्नेल्याच्या घरी राहून आलेला, ख्रिस्तसभेचा खडक म्हणवला जाणारा माणूस, आणि गावाकडची चार माणसे दिसताच त्याला आपली जुनी जागा आठवली. तो नेमके काय बोलून उठला ते पौलाने लिहिलेले नाही. मला वाटते 'माझं आत्ताच झालं' असेच काहीतरी म्हणाला असेल.

इथे कुणी विचारील, मग आपली सगळी रीत सोडायची का? पंडिता रमाबाईंकडे पाहावे. १८८३ मध्ये इंग्लंडात वाँटेज येथे त्यांनी बाप्तिस्मा घेतला, पण मांसाहार घेतला नाही. तिथल्या काही भगिनींना ते रुचले नाही. ख्रिस्ती झाल्यावर हा हट्ट कशाला, असा त्यांचा सूर होता. रमाबाईंनी गळ्यातल्या क्रुसावर लॅटिन अक्षरेही नको म्हटली, संस्कृत हवी म्हणाल्या. त्यांचे ताट शेवटपर्यंत शाकाहारी राहिले. बदलली ती पंगत. १८८९ मध्ये मुंबईत शारदा सदन सुरू झाले तेव्हा ब्राह्मण विधवांच्या सोवळ्याची सोय वेगळी ठेवली होती. पुढे दुष्काळातल्या मुली केडगावला मुक्तिसदनात आल्या तेव्हा त्या सगळ्या जातींच्या होत्या, आणि रमाबाई त्यांची आई झाल्या. ताटात काय असावे हे ज्याचे त्याने आपल्या संस्कारावर ठरवावे. शेजारी कोण बसतो यावर मात्र सुवार्ता बोट ठेवते.

आपल्याच जिल्ह्यात देशनूरला स्वामी अमलानंद नावाने राहिलेले जेसुइट फादर भगवी वस्त्रे घालून, मांसाहार सोडून, लिंगायत विरक्त मठाच्या रीतीने जगले. मला त्यांच्याबद्दल आदर आहे. मिस्साला जमिनीवर बसणे, आरती ओवाळणे याला १९६९ मध्ये परवानगी मिळाली, त्याच्या कितीतरी आधी ते या वाटेने गेले. तरी एक शंका मनात राहते: एका समाजाच्या पंगतीला शोभेल असे आपण झालो, तर ज्यांना ती पंगत बाहेर ठेवते त्यांनी आपल्याला कुठे भेटावे? तमिळनाडूत वडक्कनकुळम येथे १९व्या शतकात आपल्याच ख्रिस्तसभेने विजारीच्या दोन पायांसारखे देऊळ बांधले. एका पायात एक जात, दुसऱ्यात दुसरी, आणि दोन्ही जिथे मिळतात तिथे वेदी. एकाच वेदीवरचा एकच पाव, घेणारे मात्र एकमेकांना दिसू नयेत अशी सोय.

उलट उदाहरण आपल्या शेजारी कोल्हापूरचे, आणि ते ख्रिस्ती माणसाचे नाही. राजर्षी शाहू महाराजांच्या पागेत गंगाराम कांबळे नोकरीला होते. पाण्याला शिवल्यावरून त्यांना मारहाण झाली. महाराजांनी मारणाऱ्यांना शिक्षा केली आणि गंगारामांना स्वतःचा धंदा काढायला सांगितले. त्यांनी चहाचे हॉटेल घातले, पण गिऱ्हाईक फिरकेना. हुकूम काढून चहा पाजता येत नाही हे महाराजांना कळत होते. ते स्वतः गाडी थांबवून तिथला चहा मागवू लागले, बरोबरच्या सरदार-अधिकाऱ्यांनाही घ्यायला लावू लागले. राजाच्या देखत "आत्ताच झाला" म्हणायची कुणाची छाती होणार? नाखुशीने का होईना, पहिला घोट पोटात गेला. मन बदलले की वागणे बदलते, असे आपण प्रवचनात ऐकतो. महाराजांनी ते उलटीकडून धरले होते, आणि मला वाटते आपल्या संस्कारविधींचा मार्गही तोच आहे. आपल्याला तोंड उघडून घ्यावे लागते, समजणे मागून येते.

गेल्या आगमनकाळात मी पुन्हा त्या आजींकडे गेले. नात आता कॉलेजला आहे. या वेळी मी उंबऱ्यातूनच म्हणाले, "आजी, च्या ठेवा." त्यांनी माझ्याकडे पाहिले, काही बोलल्या नाहीत. कपबशी फडताळातून काढून दोनदा विसळली. चहात साखर फार होती. त्यांनी स्वतःसाठी ओतला नाही. मी विचारले तर म्हणाल्या, "माझा आत्ताच झाला बाई."

मी निम्मा चहा बशीत ओतला आणि त्यांच्याकडे सरकवला. त्यांनी आधी दाराकडे पाहिले, मग बशी उचलली.