मेन्यूकार्डावरचा कोळीवाडा



मागे मुंबईच्या जुन्या गावठाणांवर आपण एक भाग केला होता. त्यात बोलता बोलता मी एक वाक्य सहज टाकून दिलं, की हॉटेलात मिळतो तो ‘फिश कोळीवाडा’ हा मुंबईच्या कोळ्यांचा पारंपरिक पदार्थ. वाक्य टाकलं आणि पुढे गेलो. दोन दिवसांनी एका आजींचा आवाजी निरोप आला. जेमतेम वीस सेकंदांचा. ‘दादा, मी कोळीण आहे. सत्तरी उलटली माझी. आमच्या घरात माशाला ओवा लावलेला मी कधी बघितला नाही. तुम्ही कुठून आणलात हा ओवा?’

मी तो निरोप तीनदा ऐकला. इतिहास सांगणाऱ्या माणसाला असं कोणी चिमट्यात पकडलं की आधी राग येतो, मग लाज वाटते, आणि मग पुस्तकं काढावी लागतात. आजचा भाग म्हणजे त्या ओव्याचा शोध आहे. सोबत पाककृतीही सांगणार आहे, कारण हा इतिहास कढईशेजारी उभं राहूनच नीट कळतो.

आधी माझी बाजू सांगतो. मी वाढलो इंदूरला. आमच्याकडे मासा म्हणजे रविवारचा रोहू, नाहीतर काहीच नाही. समुद्र पाहिला तोच अकराव्या वर्षी. त्यामुळे हॉटेलच्या कार्डावर ‘कोळीवाडा’ हा शब्द दिसला की वाटायचं, हीच आपली मुंबई, हाच आपला कोकणकिनारा. लालभडक, कुरकुरीत तुकडे, वर कांदा आणि लिंबू. महाराष्ट्राबाहेर वाढलेल्या माणसाला असे शब्द घट्ट धरून ठेवायची सवय असते. तुमच्यापैकी बडोद्याच्या, हैदराबादच्या, बेळगावच्या मंडळींना मी काय म्हणतोय ते कळेल. मी त्या शब्दाला प्रश्नच विचारला नव्हता.

तो आता विचारू. पाककृती हाही एक कागदच असतो. तिच्यावर सही-शिक्का नसतो, पण प्रत्येक जिन्नस आपलं गाव सांगतो. ‘कोळीवाडा’च्या पिठात मुख्य जिन्नस चार: बेसन, ओवा, आलं-लसूण आणि लाल मिरची. आंबटपणासाठी लिंबू. आणि तळण भरपूर तेलात, कढईत.

आता किनाऱ्यावरचं स्वयंपाकघर बघा. तिथे माशाला मीठ, हळद, घरचा मसाला आणि चिंचेचा कोळ किंवा कोकमाचं आगळ लागतं. वरून तांदळाचं पीठ. मासा तव्यावर, बेताच्या तेलात, दोन्ही बाजूंनी खरपूस. बोंबील असेल तर तो आधी पाट्याखाली किंवा वरवंट्याखाली दाबून ठेवायचा, कारण त्याच्या अंगात पाणीच फार. मांदेली असेल तर काट्यासकट कडक तळायची. बेसन आपल्याला परकं मुळीच नाही. पिठलं आणि कांदाभजी खाऊन वाढलेली माणसं आपण. पण भातखाचरांच्या किनाऱ्यावर मासा तळताना हात जातो तो तांदळाच्या डब्याकडे. हरभरा हे आतल्या, कोरड्या मुलखाचं पीक.

आणि ओवा? इथे आजींनी नेमकं बोट ठेवलं होतं. नदीतल्या, तळ्यातल्या माशाला अनेकदा एक मातकट वास असतो. पाण्यातल्या सूक्ष्म जीवांमुळे तयार होणारं एक द्रव्य माशाच्या मांसात उतरतं, त्याचा तो वास. इंदूरच्या रोहूमुळे मला तो चांगला ठाऊक आहे. तो झाकायला ओव्यासारखा उग्र सोबती लागतो. ताज्या समुद्री माशाला हा त्रासच नाही. पहाटे होडीतून उतरलेल्या पापलेटाला ओवा चोळणं म्हणजे मोगऱ्यावर अत्तर शिंपडणं. तेव्हा ज्या पाककृतीत मासा, बेसन आणि ओवा एकत्र येतात, ती पाककृती नदीकाठची असावी.

अशी नदीकाठची एक पाककृती आपल्याला माहीत आहे. अमृतसरी मच्छी. अमृतसरच्या दक्षिणेला हरिके इथे बियास आणि सतलज एकत्र येतात. तिकडे सिंघाडा, सोल असे नदीचे मासे खातात, आणि ते तळतात बेसन-ओव्यातच. सीमेपलीकडे रावीकाठच्या लाहोरमध्येही तळलेल्या माशाची चव याच घराण्यातली आहे. दोन शहरांत अंतर पन्नासेक किलोमीटरचं. मधली रेषा १९४७ची आहे, बेसन-ओव्याची जोडी त्या रेषेहून जुनी.

आता मुंबईत या. शीव म्हणजे वेस, हद्द. मुंबई बेटाची उत्तरेकडची हद्द ती शीव. तिचंच पुढे ‘सायन’ झालं. तिथे कोळ्यांची जुनी वस्ती, म्हणून ‘शीव कोळीवाडा’. हार्बर मार्गावर वडाळ्याच्या पुढे, चुनाभट्टीच्या अलीकडे जे स्टेशन आहे, त्याचं नावही कोळीवाडाच होतं.

१९४७च्या फाळणीत कोटीभराहून जास्त माणसं घरं सोडून निघाली. त्यातले सिंधी आणि पंजाबी निर्वासित मोठ्या संख्येने मुंबईकडे आले. कल्याणजवळच्या लष्करी छावणीत सिंधी बांधव राहिले. त्या छावणीचं १९४९ साली उल्हासनगर झालं. आणि शीव कोळीवाड्याच्या परिसरात पंजाबी, विशेषतः शीख कुटुंबांची वसाहत उभी राहिली. अंगावरचे कपडे, थोडी भांडीकुंडी आणि हातातली कला, एवढ्यावर नवा संसार. अशा वेळी माणूस जे येतं ते विकतो. कोणी टॅक्सी चालवली, कोणी गाड्यांचे सुटे भाग विकले, कोणी खानावळ टाकली.

खानावळवाल्याकडे गावाकडची पाककृती होती, पण गावाकडचा मासा नव्हता. बियासचा सिंघाडा मुंबईत कुठून आणणार? समोर होती कोळणीची पाटी, आणि पाटीत कोळंबी, रावस, सुरमई. मग नदीच्या माशाचं पीठ समुद्राच्या कोळंबीवर चढलं. ओवा तसाच राहिला. त्याचं काम संपलं होतं, पण चव जिभेवर बसलेली होती. निर्वासितांच्या स्वयंपाकात असं फार दिसतं: कारण मागे राहतं, सवय सोबत येते.

गिऱ्हाईक विचारी, कुठे खाल्लंस? उत्तर येई, कोळीवाड्याला. त्या पत्त्याचंच पुढे पदार्थाचं नाव झालं. ‘प्रॉन्स कोळीवाडा’, मग ‘फिश कोळीवाडा’, आणि आता तर ‘गोबी कोळीवाडा’सुद्धा. म्हणजे मेन्यूकार्डावरचा तो शब्द जातीचा नाही, ठिकाणाचा आहे. मी मात्र तो जातीचा समजून बसलो होतो.

कोणी म्हणेल, मग पीठ लावून मासा तळणं हेच उत्तरेकडून आलं का? तसं नाही. कल्याणीचा चालुक्य राजा सोमेश्वर तिसरा याचा ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ बाराव्या शतकातला. कल्याणी म्हणजे आजच्या बिदर जिल्ह्यातलं बसवकल्याण. त्यात राजाच्या भोजनाचं सविस्तर वर्णन आहे, आणि माशाचे तुकडे धुऊन, चिंचेच्या पाण्यात शिजवून, गव्हाचं पीठ लावून तेलात तळायची रीतही आहे. वरून सैंधव, वेलची आणि मिरी. लाल मिरची अर्थातच नाही. ती अमेरिका खंडातून पोर्तुगीजांच्या जहाजांनी यायला अजून चार शतकं होती. चिंच मात्र आहे! नऊशे वर्षांपूर्वीच्या दख्खनी राजवाड्यातल्या माशाचं नातं चिंचेपुरतं तरी त्या आजींच्या तव्याशी जवळचं आहे, हॉटेलच्या कढईशी लांबचं. हे वाचलं तेव्हा मी एकटाच हसलो.

आता कढई. अर्धा किलो बिनकाट्याचे तुकडे घ्या. किनाऱ्यावर असाल तर रावस किंवा सुरमई. आत असाल तर रोहू, कटला किंवा सिंघाडा, आणि तिथे काटे काढायला मासेवाल्याला आधीच सांगा. मीठ, एका लिंबाचा रस, दीड चमचा आलं-लसणाचं वाटण लावून पंधरा मिनिटं ठेवा. तुकड्यांना पाणी सुटेल. ते फेका, आणि तुकडे स्वच्छ फडक्याने टिपून कोरडे करा. बहुतेक घरांत इथेच घोटाळा होतो. ओल्या तुकड्यावरचं पीठ आतून वाफाळतं, फुगतं आणि सुटून तेलात तरंगतं. कढईत मासा वेगळा आणि भजं वेगळं.

मग सहा मोठे चमचे बेसन, दोन मोठे चमचे तांदळाचं पीठ, दोन लहान चमचे लाल मिरचीची पूड, पाव चमचा हळद, बेताचं मीठ आणि एक लहान चमचा ओवा, तळहातावर चोळून. तांदळाचं पीठ अमृतसरी रीतीत असेलच असं नाही, ते मी किनाऱ्याकडून उसनं घेतलंय. नुसत्या बेसनाचं कवच दहा मिनिटांत मऊ पडतं. तांदळाने ते कडक राहतं. रंगासाठी ब्याडगी किंवा काश्मिरी मिरची वापरा. हॉटेलातला तो भडक लाल बहुधा डबीतला रंग असतो, त्याला इतिहास नाही. थंड पाणी थोडं थोडं घालून पीठ इतपतच सैल करा, की तुकड्याला चिकटेल पण ओघळणार नाही.

तेल तापलं की पिठाचा एक थेंब सोडा. तो लगेच वर आला पाहिजे, पण काळा पडता कामा नये. चार-पाच तुकड्यांपेक्षा जास्त एका वेळी नकोत, तेल थंडावतं. मध्यम आचेवर तीन-चार मिनिटं तळून काढा. सगळे झाले की आच मोठी करून पुन्हा मिनिटभर तळा. कुरकुरीतपणा या दुसऱ्या तळणीत येतो, कारण कवचात उरलेलं पाणी तेव्हा जातं. काढून कागदावर रचू नका, जाळीवर पसरा. कागदावर खालची बाजू स्वतःच्याच वाफेत भिजते.

एक गोष्ट सांगायची राहिली. ते ‘कोळीवाडा’ स्टेशन आज त्या नावाने नाही. त्याचं नाव पुढे ‘गुरू तेग बहादूर नगर’ झालं. म्हणजे गाडीत ‘पुढील स्टेशन कोळीवाडा’ ऐकू येत नाही. ‘कोळीवाडा’ दिल्लीच्या, बंगळुरूच्या, इंदूरच्या मेन्यूकार्डावर वाचायला मिळतो. आणि ज्यांनी ते पीठ पंजाबातून आणलं, त्यांचं नाव त्या कार्डावर कुठेच नाही. दोन्ही घरांचा हिशेब असा अर्धवट राहिला आहे. त्यातल्या कोळणीच्या बाजूबद्दल मी तर चूकच सांगितलं होतं, म्हणून हा भाग.

आजींना मी ही सगळी हकिगत पाठवली. लिंबू, बेसन, चमचे, सगळं. त्यांचं उत्तर चार दिवसांनी आलं. नातवाने हट्ट केला म्हणून त्यांनी करून पाहिलं होतं, कोळंबीचं. ‘पोरांनी ताट पुसून खाल्लं. चांगलं लागतं, नाही म्हणणार नाही. मी ओवा घातला नाही, चिंच घातली.’

पुढच्या भागात सिंधूकडे जाऊ. तिथल्या पल्ला माशावर बोलायचं आहे.