पॉपाय (चित्रपट)

पॉपाय : (१९८०). अमेरिकन संगीतमय कौटुंबिक विनोदपट. दिग्दर्शक रॉबर्ट ऑल्टमन. पटकथा ज्यूल्स फायफर. गीत-संगीत हॅरी निल्सन. छायालेखन जूझेप्पे रोतुन्नो. पॅरामाउंट व डिस्नी यांची संयुक्त निर्मिती. प्रमुख भूमिका : रॉबिन विल्यम्स (पॉपाय), शेली डुव्हॉल (ऑलिव्ह ऑइल), पॉल स्मिथ (ब्लूटो), पॉल डूली (विम्पी), रे वॉल्स्टन (पॉपायचा बाप). विल्यम्सची नायक म्हणून ही पहिली चित्रपटभूमिका.

आधार : ई. सी. सीगार यांची ‘थिंबल थिएटर’ ही वृत्तपत्रीय चित्रमालिका १९१९ मध्ये सुरू झाली. पॉपाय तीत दाखल झाला तो जानेवारी १९२९ मध्ये, तोही दुय्यम पात्र म्हणून. त्याला जगभर नेले फ्लायशर बंधूंच्या १९३३ पासूनच्या व्यंगपटांनी. पण त्यांत ब्लूटोची दांडगाई, पालकाचा डबा आणि ठोसा हा क्रम ठरून गेला. फायफर मूळचा व्यंगचित्रकार. त्याने व्यंगपट बाजूला ठेवून सीगारची मालिका हाताशी धरली. त्यामुळे ऑलिव्हचा मालिकेतील जुना प्रियकर हॅम ग्रेव्ही येथे वावरतो आणि पॉपायला पालक मुळीच आवडत नाही. अखेरीस ब्लूटोच तो त्याच्या घशात कोंबतो. डब्याची वाट पाहत बसलेल्या प्रेक्षकांचा विरस झाला, यात नवल नाही. मात्र सीगारच्या मूळ मालिकेशी राखलेले हे इमानच चित्रपटाच्या पुनर्मूल्यमापनाचा मुख्य आधार आहे.

नेपथ्य : माल्टात मेलिएहाजवळच्या अँकर बे या खाडीत वुल्फ क्रोगरने ‘स्वीटहेवन’ हे अख्खे गाव उभारले. इमारती लाकूड नेदरलँड्समधून, छपरांच्या फळ्या कॅनडातून आल्या; १६५ कामगार सात महिने राबले. लाटा अडवण्यासाठी खाडीच्या तोंडाशी बंधाराही घातला. भिंती ओळंब्यात नाहीत, छपरे कललेली, जिने अडनिडे. तरीही घरे आत शिरून वावरण्याजोगी. रंगवलेल्या पडद्याने हे साधले नसते. पॉपाय होडी धक्क्याला लावतो न लावतो तोच करवसुली करणारा सायकलवरून हजर होतो आणि गावात नवखा असल्याचाही कर मागतो. पुढे पॉपाय त्याला घसरगुंडीवरून पाण्यात ढकलतो, तेव्हा सारा गाव खूश होतो. गावकऱ्यांत बिल अर्विनसारखे सर्कशीत मुरलेले कलावंत घेतले होते. मुख्य संवाद चालू असताना मागे कोणी टोपीमागे धावतो, कोणी धडपडतो; चित्रचौकटीचे कोपरे असे भरणे ही सीगारच्या विनोदाशी इमान राखणारी गोष्ट होय. नेपथ्य मोडले नाही. ते आज पर्यटनस्थळ आहे.

संगीत : बहुतेक गाणी चित्रीकरणस्थळीच गाऊन घेतली. डुव्हॉलच्या कापऱ्या आवाजातले ‘ही नीड्स मी’ पॉल टॉमस अँडरसनने ‘पंच-ड्रंक लव्ह’मध्ये (२००२) पुन्हा वापरले.

प्रतिसाद : खर्च अंदाजे २ कोटी डॉलर, उत्तर अमेरिकेतील उत्पन्न सुमारे ५ कोटी, तरी ‘पडलेला चित्रपट’ हा शिक्का बसला. तो कितपत रास्त, याविषयी दुमत आहे. रॉजर ईबर्टने प्रदर्शनाच्या वेळीच स्तुती केली होती. यानंतर ऑल्टमन बराच काळ नाटकांवर आधारलेल्या लहान चित्रपटांकडे वळला. पॉपायचे पुटपुटणे कळत नाही, ही तक्रार मात्र अर्धीच खरी : व्यंगपटांतही तो पुटपुटतोच. शेवटच्या मारामारीतील यांत्रिक ऑक्टोपसचा बचाव चित्रपटाचे चाहतेही सहसा करीत नाहीत.