वलंगकर, गोपाळबाबा

(सुमारे 1840–1900). अस्पृश्यांच्या नागरी हक्कांची मागणी लेखी, जाहीरपणे आणि संघटनेच्या नावाने करणारे कोकणातील पहिले नेते. निवृत्त सैनिक, सत्यशोधक विचारांचे लेखक आणि ‘अनार्य दोष परिहारक मंडळी’चे संस्थापक. महाड तालुक्यातील रावढळ हे त्यांचे गाव. जन्म महार कुटुंबात. ‘गोपाळनाक विठ्ठलनाक वलंगकर’ असेही त्यांचे नाव आढळते. ‘नाक’ हे महारांच्या नावांमागचे जुने उपपद आहे. भीमा कोरेगावच्या स्तंभावर 1818 च्या लढाईत पडलेल्या शिपायांची जी नावे कोरली आहेत, त्यांतली पुष्कळशी याच उपपदाची आहेत.

त्यांचे कार्य समजायचे तर आधी कोकण आणि पलटण यांचे नाते पाहावे लागते. वेंगुर्ल्यापासून बाणकोटपर्यंतचा मुलूख तेव्हा रत्नागिरी या एकाच जिल्ह्यात होता. सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला तो 1 मे 1981 रोजी. भातशेती तुटपुंजी, जमीन बहुधा खोताची, आणि महाराच्या वाट्याला बलुते व गावकीची राबणूक. या पट्ट्यातून एकोणिसाव्या शतकात मुंबई लष्करात फार मोठी भरती होत असे. मुंबईहून आगबोटीने वेंगुर्ल्याच्या बंदरात उतरायचे आणि सावंतवाडी, आंबोली घाट करून बेळगावच्या छावणीत पोचायचे, ही त्या काळची ठरलेली वाट. गावात ज्याची सावलीही टाळली जाई त्याला पलटणीत गणवेश, पगार, हुद्दा आणि म्हातारपणी पेन्शन मिळे. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे पलटणीच्या शाळा. तिथे शिपायांची मुलेच नव्हे, मुलीही शिकत. कोकणातील अस्पृश्यांच्या पहिल्या साक्षर पिढ्या मुख्यतः या शाळांतून घडल्या, आणि गोपाळबाबांच्या चळवळीचा पाया याच अक्षरओळखीत आहे.

1886 मध्ये निवृत्त झाल्यावर ते दापोलीस राहिले. दापोली म्हणजे जुनी छावणी, पेन्शनरांची वस्ती. नोकरीच्या काळातच त्यांच्यावर जोतीराव फुले यांच्या विचारांचा प्रभाव पडला होता. फुले यांनी 1868 मध्ये आपल्या घरचा हौद अस्पृश्यांना खुला केला होता आणि 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हे पुस्तक प्रसिद्ध केले होते. अमेरिकेतील काळ्या लोकांना दास्यातून मुक्त करणाऱ्या तिथल्या सज्जनांना त्यांनी ते अर्पण केले आहे. अटलांटिकपलीकडची गुलामी आणि इथली अस्पृश्यता एका नजरेने पाहण्याची मराठीतील सुरुवात इथली. गोपाळबाबांनी ही नजर उचलली आणि आपल्या वाडीच्या अनुभवाशी जोडली.

‘दीनबंधु’ आणि ‘सुधारक’ या पत्रांतून ते लिहू लागले. 1888 मध्ये त्यांची ‘विटाळ विध्वंसन’ ही पुस्तिका आली. पुस्तिकेचा घाट प्रश्नावलीचा आहे. शिवाशिवीला आधार कोणता, ती कोणी आणि केव्हा लावली, माणसाच्या स्पर्शाने माणूस बाटतो तो कसा, असे ते धर्मशास्त्र जाणणाऱ्यांना विचारतात. उत्तर देण्याची जबाबदारी विटाळ मानणाऱ्यांवर टाकणे हा या लेखनाचा खरा विशेष होय. तोपर्यंत अस्पृश्याने संतवाणीतून देवाकडे गाऱ्हाणे घातले होते. इथे तो माणसांकडे जाब मागतो. मराठी गद्याच्या इतिहासात या पुस्तिकेला अद्याप तिचे स्थान मिळालेले नाही, हे खेदाने नोंदवावे लागते.

दापोलीतच त्यांनी ‘अनार्य दोष परिहारक मंडळी’ स्थापली. नावातला ‘अनार्य’ शब्द फुले यांच्या मांडणीतून आलेला: अस्पृश्य हे या भूमीचे मूळ रहिवासी, आणि बाहेरून आलेल्या आर्यांनी त्यांना खाली ढकलले.

या मंडळीपुढे लवकरच मोठे संकट उभे राहिले. सरकारने ‘लढवय्या जाती’चे धोरण स्वीकारले आणि 1890 नंतरच्या पहिल्या काही वर्षांत महारांची लष्करभरती बंद झाली. ज्या कुटुंबांनी तीन-तीन पिढ्या पलटणीत काढल्या होत्या, त्यांच्या मुलांना पुन्हा गावकीच्या कामाखेरीज वाट उरली नाही. 1894 मध्ये गोपाळबाबांनी निवृत्त महार व चांभार सैनिकांच्या वतीने सरकारकडे करण्यासाठी अर्ज तयार केला. पूर्वीच्या सेवेची आठवण देऊन भरती पुन्हा सुरू करावी, अशी त्यात मागणी होती. महार हे मूळचे क्षत्रिय असून दुर्गादेवीच्या दुष्काळात मिळेल ते खावे लागल्याने त्यांना हीन ठरवले गेले, असाही दावा त्यात आहे. एकीकडे अनार्य आणि दुसरीकडे क्षत्रिय, या दोन भूमिका एकमेकींशी जुळत नाहीत. पण जातीवरून भरती ठरवणाऱ्या सरकारशी बोलताना त्याच्याच भाषेत बोलणे भाग होते, हे ध्यानात घेतले पाहिजे. इंग्रजी राज्याविषयीचा त्यांचा विश्वास मात्र वाजवीपेक्षा जास्त होता. सरकारने तो राखला नाही.

1895 मध्ये त्यांची महाड तालुका लोकल बोर्डावर सरकारनियुक्त सभासद म्हणून नेमणूक झाली. अस्पृश्य माणूस बरोबरीने सभेत बसणार, यावरून सवर्ण सभासदांनी विरोध केला. कोकणात स्थानिक कारभाराच्या संस्था तेव्हा नव्या नव्हत्या. वेंगुर्ल्याची नगरपालिका 1876 पासूनची. परंतु त्या खुर्च्यांवर कोणी बसायचे, याचा निवाडा जातच करीत होती. त्याच वर्षी अमेरिकेत फ्रेडरिक डग्लस यांचे निधन झाले. गुलामीतून पळून आलेल्या डग्लस यांनी यादवी युद्धात काळ्या तरुणांना सैन्यात जाण्याचे आवाहन केले होते. गणवेश घातलेल्या माणसाला नागरिकत्व नाकारता येणार नाही, अशी त्यांची धारणा होती. एकमेकांना न पाहिलेल्या या दोघांनी हक्काचा दावा एकाच जागेवरून मांडला. दोन्हीकडे तो पूर्णपणे मानला गेला नाही. अमेरिकी सैन्यातील वर्णभेद संपवण्याचा आदेश निघायला 1948 साल उजाडले.

गोपाळबाबांचे 1900 मध्ये निधन झाले.

त्यांचा वारसा दोन वाटांनी पुढे गेला. पहिली वाट अर्जांची. पुण्याचे शिवराम जानबा कांबळे यांनी 1910 मध्ये लष्कर व पोलीस नोकरीची मागणी थेट भारतमंत्र्यांकडे नेली. दुसरी वाट पाणवठ्याची. सीताराम केशव बोले यांनी 4 ऑगस्ट 1923 रोजी मुंबई कायदे कौन्सिलात सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करण्याचा ठराव मंजूर करून घेतला, आणि 20 मार्च 1927 रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकर हजारो लोकांसह महाडच्या चवदार तळ्याचे पाणी प्याले. ज्या महाडच्या बोर्डात गोपाळबाबांच्या बसण्याला हरकत घेतली गेली, तेच हे महाड. आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ हेही निवृत्तीनंतर काही काळ दापोलीत होते. बाबासाहेबांचे बालपण या पेन्शनरांच्या वातावरणात सुरू झाले. पुढे 1946 मध्ये बाबासाहेबांनी अमेरिकेतील कृष्णवर्णीयांचे नेते डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले, आणि 1972 मध्ये मुंबईत ‘दलित पँथर’ने तर नावच तिथल्या चळवळीकडून घेतले. ‘गुलामगिरी’च्या अर्पणपत्रिकेने सुरू झालेला हा संवाद असा शंभर वर्षे चालू राहिला.

भरतीच्या मागणीचे काय झाले तेही नोंदवले पाहिजे. पहिल्या महायुद्धात गरज पडली तेव्हा 1917 मध्ये 111 वी महार पलटण उभी केली गेली. गरज सरताच 1921 मध्ये ती मोडली. दुसऱ्या महायुद्धात आंबेडकरांनी हा प्रश्न पुन्हा लावून धरला. अखेर 1 ऑक्टोबर 1941 रोजी महार रेजिमेंटची पहिली बटालियन स्थापन झाली, ती वेंगुर्ल्याहून वर चढणारी वाट जिथे पोचते त्या बेळगावात.